चिमणीच्या नावावर

चित्रातल्या म्हातारीनं कात्री उचलली तेव्हा आमच्या झुंबरनं हातातला कप खाली ठेवला, पदर सावरला आणि ती उठून आत गेली. झालं ते एवढंच. कप फुटला नाही, चहा सांडला नाही, आणि झुंबर काही बोलली नाही. हे शेवटचं वाक्य पुन्हा लिहितो, कारण नांदुऱ्यात कुणाला तोंडी सांगितलं असतं तर लोकांनी तीही माझी थापच समजली असती. झुंबर काही बोलली नाही. चव्वेचाळीस वर्षांच्या संसारात ही बाई देवळात बोलली, दवाखान्यात बोलली, माझ्या वडलांच्या तेराव्याला भटजीला मध्येच थांबवून बोलली. एकदा तर झोपेत तिनं मला असा एक प्रश्न विचारला की जागेपणी मी तीन दिवस उत्तर शोधत होतो. आणि आता लॅपटॉपच्या पडद्यावर एक म्हातारी तिच्यासारखाच पदर खोचून, तिच्यासारखीच मान वाकडी करून, चिमणीच्या मागे कात्री घेऊन धावते आहे, आणि ही नुसती उठून जाते. “आबा, आजीला आवडलं नाही का?” प्रेरणानं विचारलं. मला म्हणायचं होतं, थांब जरा, मलाच आधी समजू दे. पण माझं वाक्य हल्ली मेलगाडी जाऊ देण्यासाठी बाहेर सिग्नलला थांबवलेल्या पॅसेंजरसारखं उभं राहतं. ते फलाटाला लागेपर्यंत विचारणारा माणूस निघून गेलेला असतो. मी “थां” एवढं म्हणालो तोवर तिनं लॅपटॉप मिटलासुद्धा.

प्रेरणा आमची नात, शेखरची मुलगी. पुण्यात चित्रं हलवायला शिकते. चित्रं काढणं वेगळं आणि हलवणं वेगळं, हे तिनं मला समजावलं आहे. सेकंदाला बारा चित्रं लागतात, म्हणजे चिमणीनं दोनदा पंख झटकले की पोरीची एक दुपार गेली. कॉलेजात त्यांना कुठल्याही देशाची एक लोककथा घेऊन छोटा चित्रपट करायला सांगितला होता आणि हिनं घेतली जपानची. एक म्हातारा, एक म्हातारी आणि म्हाताऱ्याची लाडकी चिमणी. म्हातारी कपड्यांना घालायला खळ करून ठेवते, चिमणी ती खाऊन टाकते, म्हातारी चिडून तिची जीभ कापते. चिमणी रानात उडून जाते. म्हातारा तिला शोधत शोधत तिच्या घरी पोचतो, चिमणी त्याला जेवू घालते, नाच दाखवते, आणि निघताना दोन पेट्या पुढे ठेवते, एक मोठी, एक लहान. म्हातारा लहान उचलतो, तिच्यात धन निघतं. मग म्हातारी जाते, मोठी उचलते, वाटेतच उघडते आणि तिच्यातून साप आणि भुतं निघतात. साडेसहा मिनिटांत सगळं संपतं. हिवाळ्यात तिचा फोन आला होता, तेव्हा माझी जीभ शाबूत होती आणि मी उन्हात कानटोपी घालून बसलो होतो. “आबा, आमच्या वर्गात कुणाला खळ म्हणजे काय तेच माहीत नाही. काय करू?” मी म्हणालो, “खळ काऊन? चीक घे ना माय. कुरडयाचा चीक. चिमन्या त्याच्यावर जीव टाकतात. तुह्या आजीलेच विचार, दर साली एक चिमनी आपल्या घरचा वाटीभर चीक खाऊन जाते.” “वाटीभर? आबा, चिमणीचं पोट केवढं!” “नांदुऱ्याची चिमनी हाये ते. पुन्याची नाई.” पोरगी हसली, आणि तिनं जपानी घराच्या सपाट छतावर, धाब्यावर, कुरडया वाळत घातल्या. म्हणजे खळ काढून चीक आणला मी. चीक आला म्हणून धाबं आलं, धाबं आलं म्हणून राखण करणारी म्हातारी आली, आणि राखण करणारी म्हातारी म्हटल्यावर पोरीच्या हातून दुसरी कोण येणार? “मी मुद्दाम नाही काढली आबा,” त्या दुपारी ती रडवेली होऊन म्हणाली. “म्हातारी काढायला बसले की तीच येते. मला दुसरी म्हातारी येतच नाही.”

मी एस.टी.त कंडक्टर होतो. नांदुरा ते बुलढाणा, मध्ये मोताळा आणि मग राजूरचा घाट. एकतीस वर्षं मी त्या घाटाला गोष्टी ऐकवल्या. लोकांना वाटतं मी त्या प्रवाशांना ऐकवल्या. प्रवासी बदलत होते, घाट तोच होता, त्याला सगळ्या पाठ असतील. जुन्या गाड्यांत घंटीची दोरी असायची, छताखालून ड्रायव्हरपर्यंत गेलेली. घाटाच्या तोंडाशी मी खाली उतरलो असताना एक धामण त्या दोरीवर चढली, तिनं शेपटीनं दोनदा झटका दिला, डबल बेल झाली आणि ड्रायव्हरनं गाडी सोडली. मग मी मागनं धावतोय आणि आत ती धामण तिकिटं फाडतेय. ही गोष्ट मी इतक्यांदा सांगितली की पुढे पुढे मोताळ्याच्या बायका गाडीत चढताना विचारायच्या, “आज कोन हाये, तुमी का धामन?” दुसरी गोष्ट भुताची. बुलढाण्याच्या शेवटच्या फेरीला चढलेलं भूत, ज्यानं अर्धं तिकीट मागितलं कारण त्याला धडाखाली काही नव्हतं. या गोष्टी मी प्रेरणा लहान असताना तिला जेवताना सांगायचो, एका घासाला एक खोटं, आणि झुंबर ताटात वरण वाढता वाढता म्हणायची, “पोरीच्या पोटात जेवन कमी अन् थापा जास्त जाऊन राह्यल्या. जीभ हाये का गिरनीचा पट्टा?” माझ्या जिभेबद्दल ती जे बोलली ते एकत्र केलं तर एक ग्रंथ होईल. जीभ लांब आहे. जीभ सैल आहे. जिभेला हाड नाही. बापानं जिभेवर मध लावायचा तो गुळाचा पाक लावला वाटतं. आणि सालातून एकदा, कुरडयांच्या दिवशी, ते ठरलेलं वाक्य.

त्या दिवसाचं सांगतो, कारण सगळं तिथंच आहे. होळी झाली की झुंबर गहू भिजत घालते. तीन दिवस रोज पाणी बदलायचं. गव्हाला असा एक आंबूस वास येतो की शेजारच्या शालूबाई भिंतीपलीकडून ओळखतात, आज दुसरा दिवस. मग वाटायचं, पिळायचं, कोंडा बाजूला, पांढरं दूध बाजूला. ते ठेवून द्यायचं, खाली घट्ट चीक बसतो, वरचं पाणी अलगद ओतून टाकायचं. चौथ्या दिवशी उजाडता उजाडता चूल पेटते. मोठ्या गंजात पाणी उकळतं, मीठ, हिंग, आणि मग चीक सोडून दोघी-तिघी बाया हाटत राहतात, गाठ होऊ नये म्हणून. पांढरं दूध बघता बघता काचेसारखं होतं. साच्यात भरून धाब्यावर धोतराच्या पानावर गोल गोल कुरडया. पहिलं ऊन त्यांच्यावर पडतं तेव्हा त्या ओल्या असतात आणि अशा चमकतात की चिमण्यांचं सोडा, माझ्यासारख्या माणसाचंही चित्त ठिकाणावर राहत नाही. लग्नानंतरच्या पहिल्याच वर्षी मी जिन्याखालच्या कोनाड्यात झाकून ठेवलेली चिकाची वाटी पाहिली. वर गुळाचा खडा. मी इकडे पाहिलं, तिकडे पाहिलं. पाच मिनिटांनी वरून नवी नवरी उतरली, वाटी रिकामी. “चीक कोनं खाल्ला?” माझी आई ओसरीत बसलेली, मी नवा नवरा, लाज वाटली. तोंडातून गेलं, “चिमनीनं.” झुंबरनं माझ्याकडे पाहिलं. मग धाब्याकडे तोंड करून, सगळ्या गल्लीला ऐकू जाईल असं ओरडली, “ज्या चिमनीनं माहा चीक खाल्ला तिची जीभ झडो!” तेव्हापासून दर साली. वाटी, गूळ, मी, “चिमनीनं”, आणि “जीभ झडो”. शेखर झाला त्या वर्षी ती बाळंतीण होती तरी पलंगावरून ओरडली. आई गेली त्या वर्षी तिनं कुरडया केल्या नाहीत, पण दुसऱ्यांकडून चीक आणून वाटी ठेवली होती. मी ती खाल्ली, आणि ती हळू आवाजात, सुतक आहे म्हणून हळू आवाजात, म्हणाली, “जीभ झडो.” एवढ्या वर्षांत मला एकदाही वाटलं नाही की कबूल करावं. काही खोटी अशी असतात की ती घरात वावरायला लागतात, त्यांना पाट मांडावा लागतो. यंदाही मी खाल्ला. यंदाही ती ओरडली. आणि तिसऱ्या दिवशी सकाळी चहाला हाक मारायला मी तोंड उघडलं, तर तोंडात माझ्या जिभेऐवजी कुणाची तरी ओली चप्पल ठेवलेली होती.

डॉक्टर म्हणाले, मेंदूला छोटासा झटका आला आहे, नशीब की हात-पाय वाचले. जीभ अर्धी परत येईल, पुरी यायला वेळ लागेल. मनातल्या मनात मी त्याचीही गोष्ट केली होती, की रक्ताची एक गुठळी तिकीट न काढता चढली आणि मेंदूच्या थांब्यावर उतरलीच नाही. पण सांगणार कशानं? सकाळ-संध्याकाळ आरशासमोर बसून पा, ता, का म्हणायचा अभ्यास दिला. पा ओठांचा, ता जिभेच्या शेंड्याचा, का घशाचा. मी पा-ता-का, पा-ता-का करत बसायचो आणि खिडकीच्या गजावर खरोखरची चिमणी येऊन मान वाकडी करून ऐकायची, जणू तिच्या भाषेत मी काहीतरी अर्वाच्य बोलतोय. याचं मला दुःख झालं नाही असं नाही. पण खरं सांगू, मला त्याहून जास्त भीती वाटली ती झुंबरची. ती एकदम गोड झाली. “जेवता काय?” “दमानं घ्या.” “राहू द्या, बोलू नका.” मऊ खिचडी कालवून, घास करून, डोक्यावरून हात फिरवावा तसं बोलायचं. दोन महिने तिनं मला एक शिवी दिली नाही, एक टोमणा मारला नाही. मी मुद्दाम पाण्याचा तांब्या उपडा केला. तिनं पुसून घेतलं. चष्मा फ्रीजमध्ये ठेवला. तिनं काढून, पदरानं कोरडा करून माझ्या नाकावर ठेवला. एवढ्या गोडव्यानं माणूस मरतो. आजाऱ्याची सेवा करते बिचारी, असं मी समजत होतो. त्या दिवशी ती चित्रातली कात्री पाहून उठून गेली, तेव्हा प्रथमच मला दिसलं की ती सेवा नव्हती. ती भरपाई करत होती.

मग मी त्या दुपारी पलंगावर पडून हिशोबाला बसलो. तिला वाटतं, तिच्या तोंडचा शब्द मला लागला. बरं. पण शब्द तर चिमणीला होता. चिमणीनं चीक खाल्ला, चिमणीची जीभ झडो. मी त्यात कुठं आलो? तिनं शाप दिला चिमणीला आणि भोगतेय माझ्यासाठी, असं कसं? वर पंखा फिरत होता. मुंबईकडची गाडी गेली, तिच्या धडधडीनं भिंतीवरचं कॅलेंडर हललं, आणि त्याच्याबरोबर माझ्या डोक्यात इतकी वर्षं स्थिर असलेली एक वस्तू हलली. चमचा. कोनाड्यातल्या त्या वाटीत, दर साली, गुळाच्या खड्याशेजारी, एक चमचा असायचा. स्टीलचा, मागे फूल असलेला, आमच्या लग्नात आलेल्या सहांपैकी एक. मी त्यानंच खात आलो. चाटून पुसून परत वाटीत ठेवत आलो. चिमणीला चमचा कशाला लागतो? एकतीस वर्षं तिकीट न काढणारे प्रवासी नुसत्या चेहऱ्यावरून ओळखणारा मी कंडक्टर, आणि हे माझ्या लक्षात यायला माझी जीभ जावी लागली. तिला पहिल्या दिवसापासून माहीत होतं. ती वाटी कुणी विसरलेली नव्हती. ती माझ्यासाठीच वाढून ठेवलेली होती, सासूसमोर नवऱ्याच्या हातात नेऊन देता येत नाही म्हणून झाकून ठेवलेली. पुढे सासू गेली, लाज गेली, केस पिकले, तरी तशीच. मला वाटत होतं मी चोरतोय. आणि यंदाचं “जीभ झडो” हे तिनं समजून उमजून, नाव ठाऊक असताना, मला म्हटलं होतं. माझे डोळे भरून आले. आता भरून येतात, तेही त्या झटक्याचंच आहे असं डॉक्टर म्हणतात, म्हणू देत.

मी उठून स्वयंपाकघरात गेलो. ती पाठमोरी बसून लसूण सोलत होती. मला एवढंच म्हणायचं होतं, तुझा शब्द नाही लागला गं, शब्दांनी जिभा झडत असत्या तर माझी घाटात पहिल्या वर्षीच झडली असती. तोंड उघडलं. “झुं”, आणि पुढं नुसता वारा. ती चटकन उठली, मला पाटावर बसवलं. “काऊन उठले? राहू द्या, बोलू नका. त्रास होते.” मी मान हलवली, हात हलवला, छातीवर बोट ठेवलं. ती घाबरली. “छातीत दुखते काय?” आता काय करावं? लिहून दाखवावं, तर एकदा पूर्वी, शेखर दुसरीत असताना, तिला एक माफीची चिठ्ठी लिहून दिली होती आणि तिच्यातही एक धामण निघाली होती. तेव्हापासून माझ्या लेखी शब्दाला या घरात मान नाही. तिनं पाण्याचा पेला माझ्या ओठाला लावला. इतक्या जवळून मी तिचा चेहरा बऱ्याच दिवसांनी पाहिला. ओरडायला उघडलेलं असायचं ते तोंड मिटून मिटून त्याच्या कडेला दोन नव्या सुरकुत्या पडल्या होत्या. प्रेरणाच्या चित्रात त्या नव्हत्या. आणि सात दिवसांनी हा चित्रपट कॉलेजात जाणार होता, तिथं पडदा लावून चार लोक बघणार होते, की ही म्हातारी, हिनं चिमणीची जीभ कापली, हिच्या पेटीतून भुतं निघाली, बरं झालं.

प्रेरणाचं काम एकच राहिलं होतं, आवाज. ती दोन दिवस माझ्याभोवती घुटमळत होती, शेवटी म्हणाली, “आबा, रागावू नका हं. माझ्या चित्रपटात गोष्ट चिमणीच सांगते. जीभ गेल्यानंतर. मी पुण्यात दोन-तीन जणांचा आवाज घेऊन पाहिला, ते बोबडं बोलायचं नाटक करतात. तुमचा घेऊ?” मी इतक्या जोरात मान हलवली की तिला हसू आलं. कागदावर मोठ्या अक्षरांत वाक्यं लिहून दिली, लहान लहान, मला जमतील अशी. शेवटचा कागद वाचला. *म्हातारीला लोभ सुटला. म्हातारीनं पेटी उघडली. म्हातारीचं तोंड उघडंच राहिलं.* मी त्या कागदाकडे बोट दाखवून मान हलवली. “बदलू? आबा, आता चित्रं नाही बदलत. पाच दिवसांत नाही होणार. म्हातारी, पेटी, साप, सगळं काढून झालंय.” मी साप बघायला मागितला. तिनं दाखवला. पेटीतून निघालेला साप हवेत दोरीला लटकावा तसा लटकला होता आणि शेपटीनं झटका देत होता. त्याच्यामागे एक भूत, धडाखाली काही नसलेलं. मी पोरीकडे पाहिलं. ती ओशाळली. “तुमचेच आहेत. मला दुसरे येत नाहीत म्हटलं ना.” तेव्हा माझ्या लक्षात आलं की चित्रं बदलायची गरजच नाही.

रेकॉर्डिंग आतल्या खोलीत झालं, सकाळी अकराला. प्रेरणानं खिडकीला दोन गाद्या टेकवल्या, दाराला गोधडी लटकवली, पंखा बंद केला. नांदुऱ्याला मेन लाइनशेजारी राहून आवाज मुद्रित करायचा म्हणजे दोन गाड्यांच्या मध्ये जेवढी शांतता सापडेल तेवढीच. तिनं वेळापत्रक पाहून ठेवलं होतं, बावीस मिनिटं. झुंबरला दाराबाहेरच ओसरीत बसवलं, भाजीवाला ओरडत आला तर त्याला गप्प करायला. गोधडीच्या खालून मला तिची पावलं दिसत होती, जोडवी घातलेली, एकावर एक ठेवलेली. घामानं अंगाला सदरा चिकटला. प्रेरणानं बोट वर केलं. पहिले कागद मी सरळ वाचले. जिथं चिमणी नुसती चिवचिवते तिथं मी पा-ता-का, पा-ता-का केलं आणि पोरीनं तोंडावर हात दाबून हसू आवरलं. मग लॅपटॉपवर धाबं आलं, कुरडया आल्या, म्हातारी कात्री घेऊन धावली. मी कागद पालथा ठेवला. प्रेरणानं डोळे मोठे केले. मी तिला हातानं थांबवलं आणि चिमणी होऊन बोललो, एकेक शब्द घाट चढवावा तसा पहिल्या गियरात चढवत.

“चीक... मी... खाल्ला नाई.” थांबलो. गोधडीखालची पावलं हलली. “म्हाताऱ्यानं... खाल्ला. माह्या... नावावर. दर साली.” पडद्यावर म्हातारी धावतच होती. “म्हातारीले... ठाऊक होतं. तिनंच... वाटी ठेवली. चमचा... ठेवला. चिमनीले... चमचा... लागत नाई. म्हाताऱ्याले... उशिरा... समजलं.” कात्री उघडली, चित्र पांढरं झालं, एक पीस खाली आलं. “जीभ... कोनं... कापली नाई. म्हातारी... नुसती... ओरडली. ते... चांगलं... ओरडते.” माझा श्वास संपला. पाणी प्यायलो. प्रेरणानं यंत्र बंद केलं नव्हतं, तिच्या गालावरून काहीतरी ओघळत होतं आणि ती ते पुसत नव्हती, आवाज होईल म्हणून. पेटी आली. मोठी पेटी. म्हातारीनं झाकण उचललं. साप निघाला, दोरीला लटकल्यासारखा. “पेटीत... म्हाताऱ्याच्या... थापा होत्या. डबल बेलवाली... धामन. अर्ध्या तिकिटाचं... भूत. चाळीस सालाच्या. म्हातारी... साऱ्या... संभाळून होती.” आता उरलं होतं एकच. जीभ कापली नाही, तर चिमणीची जीभ गेली कशी, हे कुणीतरी विचारणारच. गोष्ट सांगणाऱ्याला कारण द्यावं लागतं, आणि खरं कारण दवाखान्याच्या कागदावर होतं, ते काय गोष्टीत चालतं? माझ्या तोंडात, इतक्या दिवसांनी, एक चांगली, गोल, गरमागरम थाप तयार झाली. तिची चव मला आधी आली. “जीभ... भाजली. हावरट... चिमनी. चीक... गरम होता. म्हातारीनं... निवू न देता... ठेवला...”

“खोटं!”

गोधडी बाजूला झाली. झुंबर दारात उभी होती, पदर खोचलेला, मान वाकडी, एक हात कमरेवर. “एक नंबर खोटं! गरम कवा ठेवला वो मी? सांगा ना, कवा ठेवला? अर्धा घंटा परातीत पसरून, पंख्याखाली निववून, मंग वाटीत भरते! पहिल्या साली तर पंखा नोता तं सुपानं वारा घातला! दर साली! अन् लोकाईले सांगून राह्यले गरम ठेवला म्हनून? पुन्याच्या कॉलेजात? जीभ हाये का...” आणि ती थबकली. जिभेचा शब्द तिच्या ओठावर येऊन तिथंच थिजला. तिचा चेहरा पुन्हा मिटायला लागला. मला ते बघवेना. मी पलंगाच्या लोखंडी कडेवर अंगठीच्या बोटानं दोनदा वाजवलं. टिंग, टिंग. डबल बेल. जाऊ द्या. एवढी वर्षं बसस्टँडवर डबा घेऊन येणाऱ्या बाईला याचा अर्थ सांगावा लागत नाही. तिच्या छातीत मोठा श्वास भरला. “...का गिरनीचा पट्टा!” ती म्हणाली, आणि मग जे सुटली ते दोन महिन्यांचं थकलेलं सगळं वसूल करत. तांब्या मुद्दाम सांडला ते मले समजलं नाई काय, चष्मा फ्रीजमधी ठेवते काय शाना मानूस, वाटी चाटून ठेवते अन् चिमनीचं नाव सांगते, चिमनी काय चमचा चाटते? मध्येच रडली, रडता रडता पोरीला म्हणाली, “अन् तू वं, त्या म्हातारीचं नाक बरं काढ जरा, माहं नाक असं हाये काय?” तेवढ्यात भुसावळकडची गाडी आली आणि तिच्या आवाजात पुढचं मला ऐकू आलं नाही, नुसतं दिसत राहिलं. इतकं चांगलं मी बऱ्याच दिवसांत काही पाहिलं नव्हतं.

प्रेरणानं काहीच कापलं नाही. चित्रपटात म्हातारीचं तोंड उघडं राहतं तिथं आता भीती नाही, झुंबरचा “खोटं!” आहे, आणि मागे ती गाडीसुद्धा. जपानात आगगाडी कुठून आली असं तिच्या सरांनी विचारलं म्हणे. मी असतो तर सांगितलं असतं.

ती पुण्याला गेली त्याच्या दुसऱ्या दिवशी सकाळी मी पा-ता-का आटपून जिन्याजवळून जात होतो, तर कोनाड्यात वाटी. वर झाकण. आता कुरडयांचे दिवस नव्हेत. उघडून पाहिलं, वाळलेल्या कुरडया भिजवून, शिजवून, घोटून मऊ केलेल्या, आणि वर गुळाचा खडा. चमचा नव्हता. मी इकडे पाहिलं, तिकडे पाहिलं. बोटांनी खाल्लं. गार होतं, नीट निववलेलं. वाटी चाटून ठेवतो न ठेवतो तोच धाब्यावरून, सगळ्या गल्लीला ऐकू जाईल असा, तो आवाज आला, “ज्या चिमनीनं खाल्लं तिच्या...” आणि तो क्षणभर अडखळला. भिंतीपलीकडे शालूबाईंचं भांडं घासायचं थांबलं. मीही श्वास धरून उभा होतो. “...तिच्या मिशा झडो!”

मी तोंड पुसलं, मिशांवरून एकदा सावकाश हात फिरवला, जेवढ्या होत्या तेवढ्या जागेवर आहेत याची खात्री केली, आणि मान वर करून, जमेल तितक्या स्पष्ट आवाजात ओरडलो, “चि-म-नी-नं... खाल्लं!”